हशासाठी सोडलेली जागा

चौबळांच्या हस्तलिखितात मध्येच कोरी जागा असायची,
दोन ओळींची, कधी तीन.
टायपिस्ट विचारायचा, इथे काही राहिलंय का?
मी सांगायचो, नाही. इथे लोक हसतील.

मी त्यांचा प्रॉम्प्टर. एकोणीस वर्षं विंगेत.
दिवसा ते वागळे इस्टेटीत स्टोअरकीपर, मी डिस्पॅचला.
नाटकं लिहिली गेटपासच्या पाठीवर,
त्यामुळे पहिल्या अंकातून कोण बाहेर पडलं
आणि त्या दिवशी फाटकातून किती बेअरिंगं बाहेर पडली
हे एकाच कागदावर कळायचं.

कंत्राट संपून मायदेशी निघालेल्या साहेबानं
जाताना त्यांना एका विलायती फार्सची फाटकी प्रत दिली.
सहा दारं, दोन खिडक्या, एक पाद्री,
आणि कपाटात कायम कुणीतरी.
चौबळ म्हणाले, कोपरीत आमच्या खोलीला दार एक,
तेही भरदिवसा लावलं तर शेजारीण विचारते,
कुणाला बरं नाही का?
माणसानं लपायचं कुठे?

तिथून त्यांचं पहिलं नाटक निघालं.
एक दार, एक पडदा, पिठाचा डबा,
आणि सात माणसं, ज्यांना एकमेकांची भेट नको आहे.

रंगायतनला दुपारचा प्रयोग. प्रेक्षक ऐंशी,
त्यातले चाळीस आमच्या नात्यातले, म्हणजे न हसणारे.
पहिली कोरी जागा कोरीच गेली.
दुसरीही.
तिसऱ्या वेळी बाल्कनीतून एक बाई हसली, एकटीच,
आणि तिला थांबता येईना.
मग तिच्या हसण्याला थिएटर हसलं.
अंधारात चौबळांनी माझा दंड धरला होता,
बोटं दाबून मोजत होते, एक, दोन, तीन, चार,
आता.
आता पुढचं वाक्य. आधी दिलंस तर दोन्ही मेली.

मग सिनेमे. दोन.
एकात त्यांचं नाव केशभूषेच्या खाली, तेही चोबळ असं.
मग मालिका, घोडबंदर रोडच्या गोदामात, रोज एक भाग.
तिथे कोऱ्या जागेची कुणाला भीती नव्हती,
एक पोरगा बटण दाबायचा आणि डबाबंद हशा सांडायचा.
चौबळ त्याच्या खांद्यावरून वाकून विचारत,
ह्यात ती बाल्कनीतली बाई आहे का रे?
पोरगा म्हणे, काका, ही सगळी परदेशातली आहेत.
हसतात पण भलत्या ठिकाणी, चौबळ म्हणत.
आणि प्रॉडक्शनवाला म्हणे, पैसे योग्य ठिकाणी मिळतात ना?
मिळत होते. वर्तकनगरात फ्लॅट झाला.
पाच दारांचा. त्यात एकही नाटक झालं नाही.

निवृत्तीनंतर आम्ही तलावपाळीला बसायचो, बोटींच्या बाजूला.
एकदा शेजारच्या बाकावर एका गृहस्थानं विनोद सांगितला,
म्हणाला, आजच मोबाईलवर आलाय.
चौबळांचाच होता, दुसऱ्या अंकातला.
शेवटपर्यंत ऐकला त्यांनी, मान डोलावली, म्हणाले,
छान. पण जरा घाई केलीत.

शोकसभा घंटाळीला. खुर्च्या जास्त मांडल्या होत्या.
आमचा नायक बोलायला उठला, आता कानात यंत्र,
म्हणाला, त्या नाटकातलं ते अजरामर वाक्य,
आणि अडला.
तो अडला की माझे ओठ हलतात. त्याला इलाज नाही.
चौथ्या रांगेतून मी वाक्य टाकलं,
पण जिभेवर आलं ते भलतंच,
पहिल्या प्रयोगात पडलेलं, त्याच रात्री खोडलेलं,
कुठल्याच छापील प्रतीत नसलेलं:
दार उघडंच असू द्या हो, आत लपायला जागा नाही.

त्यानं ते जसंच्या तसं माइकवर म्हटलं.
सभा गप्प.
मागे कुणाचीतरी खुर्ची करकरली.
मी माझाच दंड धरला
आणि मोजायला लागलो.